निर्मात्याची खुर्ची, दिग्दर्शकाची खुर्ची: बॅरी लेट्स यांची कारकीर्द कशी वाचावी

तुमचा प्रश्न मी असा समजलो आहे. अभ्यासक्रमातील प्रकल्पासाठी तुम्ही बीबीसीचे निर्माते आणि दिग्दर्शक बॅरी लेट्स यांची कारकीर्द निवडली, कालक्रमाचा तक्ता मांडायला घेतला, आणि ती रेषा सरळ वर चढत नाही हे पाहून गोंधळात पडलात. आधी नट, मग दिग्दर्शक, मग ‘डॉक्टर हू’ या विज्ञानकथा-मालिकेचे निर्माते, पुढे अभिजात कादंबऱ्यांवरील मालिकांचे निर्माते, आणि साठी उलटल्यावर पुन्हा दुसऱ्याच्या निर्मितीत केवळ दिग्दर्शक. ही घसरण मानायची का, निर्मात्याने स्वतःच्याच मालिकेतील कथा दिग्दर्शित करणे कितपत योग्य, आणि शिकून बाहेर पडणाऱ्याने या दोहोंपैकी कशाची तयारी करावी, असे तीन प्रश्न तुम्ही विचारले आहेत.

माझ्या मते तिन्हींच्या मुळाशी एकच गोष्ट आहे. लेट्स कोणत्या वर्षी कोणाला उत्तरदायी होते आणि त्यांना कोण उत्तरदायी होते, हे पाहिल्याशिवाय त्यांची पदे नुसती एकाखाली एक लिहून काही हाती लागत नाही. मी मुंबईत बहुकॅमेरा स्टुडिओच्या फ्लोअरवर उमेदवारी केली, पुढे मालिका दिग्दर्शित केल्या आणि नंतर कार्यकारी निर्माता म्हणून दुसऱ्यांच्या दिग्दर्शनाची जबाबदारी सांभाळली; त्यामुळे पुढचे विवेचन या दोन्ही बाजूंच्या अनुभवातून आलेले आहे. मात्र एक गोष्ट आधीच सांगायला हवी. बीबीसी ही परवाना शुल्कावर चालणारी सार्वजनिक संस्था, आणि आपल्याकडची दैनंदिन मालिका जाहिरातींवर आणि टीआरपीवर चालते. तिथला निर्माता संस्थेच्या पैशाचा हिशेब ठेवणारा आणि कलात्मक निर्णय घेणारा माणूस होता, स्वतःच्या खिशातले भांडवल घालणारा नव्हता. म्हणून लेट्स यांनी केले ते सगळेच आपल्याकडे जसेच्या तसे लागू पडेल असे नाही. कुठे लागू पडते आणि कुठे पडत नाही, ते त्या त्या ठिकाणी सांगतो.

आधी ही दोन कामे तिथे वेगळी कशी झाली ते पाहू, कारण लेट्स यांची कारकीर्द त्या फाळणीनंतरची आहे. पन्नासच्या दशकात बीबीसीच्या नाट्यविभागात एकच माणूस संहिता निवडायचा, नट ठरवायचा, खर्च सांभाळायचा आणि प्रक्षेपणाच्या वेळी कॅमेऱ्यांना सूचनाही द्यायचा. १९६३ च्या आरंभी सिडनी न्यूमन हे कॅनडाचे गृहस्थ नाट्यविभागाचे प्रमुख म्हणून आले. त्याआधी ते एबीसी या व्यावसायिक कंपनीत होते. त्यांनी विभागाचे तीन भाग पाडले आणि निर्माता, दिग्दर्शक व संहिता-संपादक ही कामे वेगवेगळ्या माणसांकडे दिली. या बदलाचे पहिले ठळक फळ म्हणजे त्याच वर्षी सुरू झालेली ‘डॉक्टर हू’. तिच्या पहिल्या निर्मात्या व्हेरिटी लँबर्ट सत्ताविशीतल्या होत्या आणि त्या दिग्दर्शक नव्हत्या. पहिल्या कथेचे दिग्दर्शन लखनौत जन्मलेल्या वारिस हुसेन यांच्याकडे होते. जुनी पद्धत चालू राहिली असती, तर लँबर्ट यांना त्या खुर्चीपर्यंत पोहोचायला आधी दिग्दर्शक व्हावे लागले असते. फाळणीमुळे निर्मितीकडे जाण्याची वेगळी वाट निघाली, हे तुमच्या तिसऱ्या प्रश्नासाठी लक्षात ठेवा.

आता दिग्दर्शकाचे काम जरा जवळून पाहू. ‘डॉक्टर हू’ची बाहेरची दृश्ये १६ मिलिमीटर फिल्मवर व्हायची आणि आतली दृश्ये स्टुडिओत दोन इंची व्हिडिओ टेपवर. स्टुडिओच्या आधी तालीम. सत्तरच्या दशकात ती पश्चिम लंडनमधील अ‍ॅक्टन येथील बीबीसीच्या तालीम-इमारतीत होत असे, जिथे रिकाम्या खोलीच्या जमिनीवर रंगीत चिकटपट्ट्या लावून भिंती, दारे आणि जिने आखलेले असत. नट त्या पट्ट्यांमधून चालत असताना दिग्दर्शक प्रत्येक वाक्याला कोणता कॅमेरा, कोणत्या जागेवरून, किती जवळून, हे कागदावर उतरवत असे. शेवटच्या तालमीला निर्माता येऊन बसे, पाहून सूचना देई आणि निघून जाई. मग टेलिव्हिजन सेंटरमध्ये सेट उभा राहायचा, दिवसभर कॅमेऱ्यांसह तालीम व्हायची, आणि संध्याकाळी काही तासांत ध्वनिमुद्रणासह सगळे चित्रण आटोपायचे. रात्री १० वाजता स्टुडिओ बंद होत असे. दिग्दर्शक वरच्या नियंत्रण कक्षात, ज्याला आपण पीसीआर म्हणतो तिथे, मॉनिटरच्या भिंतीसमोर बसलेला. पावणेदहा वाजलेले आणि दोन दृश्ये बाकी. ज्याने आपल्याकडे शिफ्ट संपता संपता उरलेला सीन उरकलेला आहे, त्याला त्या खोलीतली शांतता वर्णन करून सांगावी लागत नाही. अशा वेळी दिग्दर्शक विचार करतो तो हे दृश्य कसे वाचवायचे याचा. निर्मात्याला विचार करावा लागतो तो हे दृश्य गाळले तर गोष्ट कळेल का आणि जादा वेळ मागितला तर पुढच्या कथेच्या पैशातून किती जातील याचा. दोन्ही विचार बरोबर असतात, पण दोन्ही एकाच डोक्यात एकाच क्षणी नीट चालत नाहीत. लेट्स यांनी हे कसे जमवले, हा तुमच्या प्रश्नाचा खरा गाभा आहे.

लेट्स यांचा जन्म १९२५ चा, लेस्टरचा. युद्धात नौदलात होते, त्यानंतर रंगभूमी, चित्रपट आणि दूरचित्रवाणी या तिन्हींत नट म्हणून वावरले. ‘स्कॉट ऑफ द अंटार्क्टिक’ या १९४८ च्या चित्रपटात स्कॉटच्या मोहिमेतील अ‍ॅप्सली चेरी-गॅरार्ड यांची भूमिका त्यांनी केली होती. दिग्दर्शनाकडे ते चाळिशी ओलांडल्यावर वळले, तेही बीबीसीच्या दिग्दर्शकांसाठीच्या अभ्यासक्रमातून. म्हणजे तुमच्या तक्त्यातील ‘नट’ हा रकाना छोटासा वाटत असला, तरी त्यात वीसहून अधिक वर्षे आहेत. नटाला तालमीत काय हवे असते आणि स्टुडिओत त्याला कशाची भीती वाटते, हे त्यांना पुस्तकातून शिकावे लागले नाही.

‘डॉक्टर हू’मधील त्यांचे पहिले दिग्दर्शन म्हणजे ‘द एनिमी ऑफ द वर्ल्ड’ ही सहा भागांची कथा, जी डिसेंबर १९६७ ते जानेवारी १९६८ या काळात प्रसारित झाली. पॅट्रिक ट्राउटन यांना तिच्यात दुहेरी भूमिका होती: नायक डॉक्टर आणि सॅलमँडर नावाचा हुकूमशहा. टेप कापणे त्या काळी महाग आणि वेळखाऊ होते, त्यामुळे भाग बहुतांशी सलग चित्रित करायचे आणि युक्तीचित्रण अगदी मोजके ठेवायचे, असा मामला होता. तरीही दोन माणसे वेगळी वाटतात, याचे कारण नटाची चाल, उच्चार आणि दिग्दर्शकाने त्याला दिलेली जागा. ही कथा दीर्घकाळ जवळजवळ हरवलेली होती. तिसरा भाग तेवढा शिल्लक होता, आणि बाकीचे पाच नायजेरियात सापडल्याचे २०१३ मध्ये जाहीर झाले. तुम्हाला ती मिळाली, तर दिग्दर्शक म्हणून लेट्स यांचा हात कसा होता हे निर्मातेपदाची छाया न पडता पाहायला मिळेल.

१९६९ मध्ये त्यांच्याकडे मालिकेची निर्मिती आली. डॉक्टरच्या भूमिकेत ट्राउटन यांच्या जागी आलेल्या जॉन पर्टवी यांची पहिली कथा आधीच्या निर्मात्यांच्या काळात तयार झाली होती, आणि जानेवारी १९७० च्या अखेरीस सुरू झालेली ‘डॉक्टर हू अँड द सिल्युरियन्स’ ही लेट्स यांच्या निर्मितीतील पहिली. लोक निर्मात्याची कारकीर्द लिहिताना त्याने काय नवे आणले तेवढेच लिहितात. मला त्याने काय पदरात घेतले ते अधिक बोलके वाटते. लेट्स यांच्या पदरात तीन गोष्टी आल्या. बीबीसी वन ही वाहिनी नोव्हेंबर १९६९ मध्ये रंगीत झाली होती, त्यामुळे रंगभूषेपासून सेटपर्यंत सगळ्याचा खर्च आणि डोकेदुखी वाढली. वर्षाला ४४ भागांऐवजी २५ भाग करायचे ठरले होते. आणि अवकाशात व काळात भटकणाऱ्या डॉक्टरला शिक्षा म्हणून पृथ्वीवरच अडकवून ठेवायचे, हा कथेतील निर्णयही आधीच झालेला होता. यातील शेवटची गोष्ट लेट्स आणि त्यांचे संहिता-संपादक टेरन्स डिक्स या दोघांनाही जाचक वाटत होती. त्यांनी ती एका फटक्यात मोडली नाही. अधूनमधून एखादी परग्रहावरची मोहीम घालत तीन वर्षांत सैल केली. दुसऱ्याची मालिका हाती घेणाऱ्याने पहिल्याच आठवड्यात सगळे बदलू नये, हे मी माझ्या हाताखालच्यांना नेहमी सांगत आलो, आणि उदाहरण बहुधा हेच देतो.

त्यांनी स्वतः केलेला बदल वेळापत्रकाचा होता. आधी दर आठवड्याला एक भाग तालीम करून चित्रित व्हायचा, म्हणजे दर आठवड्याला तोच सेट उभा करायचा आणि तोच मोडायचा. लेट्स यांनी पंधरवड्याला लागोपाठ दोन दिवस स्टुडिओ घेऊन दोन भाग एकत्र करण्याची पद्धत आणली. सेट लावण्या-काढण्याचे श्रम आणि पैसे वाचले, तालमीला सलग दिवस मिळाले, आणि एका सेटवरची दोन्ही भागांतील दृश्ये एकत्र उरकता येऊ लागली. कागदावर हा निव्वळ व्यवस्थापनाचा निर्णय दिसतो. पण जो स्वतः दर आठवड्याच्या त्या चरकातून दिग्दर्शक म्हणून गेला आहे, त्यालाच तो सुचतो. आपल्याकडे एका लोकेशनचे सीन बँक करून, म्हणजे पुढच्या भागांसाठी आधीच चित्रित करून, ठेवतात ते याच हिशेबाने, फरक इतकाच की इथे पुष्कळदा तालमीचे दिवस वाचवले जातात आणि तिथे वाचलेल्या वेळात तालीम वाढवली गेली.

आता दोन खुर्च्यांचा प्रश्न. १९७० च्या ‘इन्फर्नो’ या सात भागांच्या कथेचे दिग्दर्शक डग्लस कॅमफिल्ड होते. बाह्यचित्रण आणि सुरुवातीचे स्टुडिओकाम झाल्यावर ते आजारी पडले, आणि उरलेल्या भागांचे स्टुडिओतील दिग्दर्शन लेट्स यांनी केले. कॅमफिल्ड यांची तयारी अत्यंत तपशीलवार असे, आणि लेट्स यांनी तीच तयारी पाळली. पडद्यावर नाव कॅमफिल्ड यांचेच राहिले. निर्मात्याला दिग्दर्शन यावे का, या प्रश्नाचे माझ्या लेखी यापेक्षा नेमके उत्तर नाही. त्याला ते इतके यायला हवे की दिग्दर्शक आडवा झाला तर दुसऱ्या दिवशी पीसीआरमध्ये बसता यावे. आणि इतका संयम हवा की तिथे बसल्यावर दुसऱ्याचा आराखडा मोडून स्वतःचा थाटू नये.

याखेरीज स्वतः दिग्दर्शन करता यावे, अशी मुभा त्यांनी निर्मातेपद स्वीकारताना मागून घेतली होती. तिचा उपयोग त्यांनी कसा केला ते पाहा. पाच वर्षांच्या कारकिर्दीत त्यांनी स्वतःच्या नावाने तीनच कथा दिग्दर्शित केल्या: १९७१ ची ‘टेरर ऑफ द ऑटन्स’, १९७३ ची ‘कार्निव्हल ऑफ मॉन्स्टर्स’ आणि १९७४ ची ‘प्लॅनेट ऑफ द स्पायडर्स’. पहिलीत तीन नवी पात्रे आणायची होती, त्यांत रॉजर डेलगाडो यांचा ‘मास्टर’ हा पुढे कायमचा ठरलेला प्रतिस्पर्धी. तिसरीत पर्टवी यांना निरोप द्यायचा होता. म्हणजे मालिकेचे वळण जिथे होते तिथे ते स्वतः बसले. आणि तिन्ही कथा रंगपडद्याच्या युक्तीवर, म्हणजे आपण ज्याला क्रोमा म्हणतो त्यावर, मोठ्या प्रमाणात अवलंबून होत्या. बीबीसीत तंत्र तेव्हा कोवळे होते. निळ्या किंवा पिवळ्या पडद्यासमोर नट उभा करायचा आणि तो रंग दिसेल तिथे दुसऱ्या कॅमेऱ्याचे चित्र बसवायचे. केसांच्या कडेला रंगीत झालर उठायची, पायाखाली सावली पडायची नाही, आणि जरा प्रकाश हलला की सगळे उघडे पडायचे. लेट्स यांना या तंत्राचा मोठाच सोस होता. ‘टेरर ऑफ द ऑटन्स’मध्ये तर साध्या स्वयंपाकघरासाठीही त्यांनी सेटऐवजी तेच वापरले, आणि ते आज डोळ्याला खुपते हे मान्य करायलाच हवे. पण धोक्याचे तंत्र पाहुण्या दिग्दर्शकाच्या गळ्यात मारण्यापेक्षा ते आधी स्वतःच्या कथेत वापरून पाहणे, हा त्यामागचा विचार असावा असा माझा तर्क आहे, आणि तो मला पटतो.

‘कार्निव्हल ऑफ मॉन्स्टर्स’ मराठी वाचकाने आवर्जून पाहावी. १९२६ साली मुंबईला निघालेली एक बोट हिंदी महासागरातून नाहीशी होते आणि एका फिरत्या खेळवाल्याच्या यंत्रात, इतर प्राण्यांसोबत, कोंडलेली सापडते. बोटीवरचे गोरे प्रवासी उद्या मुंबई येणार म्हणून तोच तो संवाद पुन्हा पुन्हा म्हणत राहतात. रॉबर्ट होम्स यांची ही संहिता विनोदी आहे, आणि लेट्स यांनी ती खऱ्या जहाजावर जाऊन चित्रित केली. तिच्याविषयीचा एक तपशील मला फार आवडतो. १९८१ मध्ये ती बीबीसी टूवर पुन्हा दाखवायची ठरली, तेव्हा शेवटच्या दृश्यात एका नटाने चढवलेली टकलाची टोपी डोक्यावरून सुटत आलेली दिसते म्हणून लेट्स यांच्या सांगण्यावरून तो तुकडा छाटण्यात आला. प्रसारण होऊन आठ वर्षे लोटली होती, आणि ते मालिकेचे निर्मातेही राहिले नव्हते.

तरीही निर्मात्याने दिग्दर्शन करण्यातला धोका खराच आहे. घरच्या कार्यात यजमानानेच आचाऱ्याचा झारा हाती घेतला, की मीठ कमी पडले हे सांगायचे कोणाला? शेवटच्या तालमीला येऊन ‘हे दृश्य लांबले आहे’ असे सांगणारा निर्माता त्या तीन कथांना नव्हता. त्याची जागा काही अंशी टेरन्स डिक्स यांनी भरली. डिक्स संहिता-संपादक, लेट्स यांच्याआधीपासून मालिकेवर होते, आणि स्पष्ट बोलणारे होते. दोघांची जोडी पाच वर्षे टिकली याचे महत्त्व मैत्रीपेक्षा या कामात अधिक आहे. लेट्स लिहीतही असत: ‘द डेमन्स’ ही १९७१ ची कथा त्यांनी रॉबर्ट स्लोमन यांच्यासह ‘गाय लिओपोल्ड’ या टोपणनावाने लिहिली, आणि १९७३ ची ‘द ग्रीन डेथ’ ही प्रदूषणावरची कथाही त्या दोघांच्याच चर्चेतून आली, जरी नाव स्लोमन यांचे लागले. लेखक, निर्माता आणि दिग्दर्शक तिन्ही आपणच, अशी वेळ ‘प्लॅनेट ऑफ द स्पायडर्स’मध्ये जवळजवळ आली. बौद्ध विचाराकडे त्यांचा ओढा होता, आणि या कथेत ध्यानकेंद्र आहे, ‘ओम मणि पद्मे हुम्’चा जप आहे, आणि अहंकार सोडण्यासाठी मृत्यूला सामोरा जाणारा नायक आहे. कल्पना उदात्त, पण सहा भागांच्या कथेतला दुसऱ्या भागातील लांबलचक पाठलाग कोणीतरी बाहेरच्या निर्मात्याने निम्मा केला असता, असे मला पाहताना दर वेळी वाटते. त्या कथेच्या जागी आधी मास्टरच्या शेवटाची कथा योजली होती. डेलगाडो यांचे जून १९७३ मध्ये तुर्कस्तानात मोटार अपघातात निधन झाले आणि ती सोडून द्यावी लागली. म्हणून न्याय करताना हेही जमेस धरावे.

इथवरचे थोडक्यात सांगतो, म्हणजे पुढे जाता येईल. दोन्ही खुर्च्यांवर एकाच माणसाने बसणे तेव्हा चालते, जेव्हा ते क्वचित होते, त्याला कारण असते, आणि बाजूला ‘नाही’ म्हणू शकणारा एक तरी माणूस असतो. माझ्या कामात मी याला एक पुरवणी जोडली होती: कार्यकारी निर्माता असताना एखादा भाग स्वतः दिग्दर्शित करायची वेळ आली, तर त्या दिवसापुरते शिफ्ट वाढवायची की नाही हा निर्णय मी दुसऱ्याकडे सोपवत असे. आपल्याकडे वाहिनीचा माणूस सेटवर असतो, तो कधी कधी ही जागा भरतो. पण त्याचे लक्ष टीआरपीवर असते, दृश्यावर नव्हे, हा फरक आहे.

आता घसरणीचा प्रश्न. टॉम बेकर यांची नवा डॉक्टर म्हणून निवड करून आणि त्यांची पहिली कथा ‘रोबोट’ पूर्ण करून लेट्स यांनी मालिका फिलिप हिंचक्लिफ यांच्या हाती दिली. आणि १९७५ च्या अखेरीस, ‘द अँड्रॉइड इन्व्हेजन’ या चार भागांच्या कथेसाठी, ते हिंचक्लिफ यांचे पाहुणे दिग्दर्शक म्हणून त्याच मालिकेत परतले. ज्या खुर्चीत आपण काल बसलो होतो, तिच्यावर आज बसलेल्या वयाने लहान माणसाच्या सूचना ऐकायच्या आणि कथा वेळेत पुरी करून द्यायची. आपल्या क्षेत्रात याला मानभंग समजणारे पुष्कळ आहेत. मला यात उलट दिसते: लेट्स यांच्या दृष्टीने निर्माता ही त्या मालिकेपुरती नेमलेली जबाबदारी होती, आयुष्यभर मिरवायची पदवी नव्हती. अर्थात, असे वागणे परवडते ते बीबीसीसारख्या संस्थेत, जिथे एक काम संपले की दुसरे असते. कंत्राटावर जगणाऱ्याने निर्मातेपद सोडून पुन्हा दिग्दर्शनाकडे वळताना आपला दर आणि आपली बाजारातली ओळख यांचा विचार करणे चूक नाही.

त्यापुढची दहा वर्षे ते रविवारी बीबीसी वनवर दाखवल्या जाणाऱ्या अभिजात कादंबऱ्यांच्या मालिकांचे निर्माते होते. तुमच्या प्रकल्पात हा भाग दोन ओळींत उरकलेला दिसतो, आणि ते अन्यायाचे आहे. डिकन्स, जेन ऑस्टिन, शार्लट ब्राँटे अशा लेखकांच्या कादंबऱ्या अर्ध्या अर्ध्या तासाच्या भागांत बसवायच्या, वर्षाला कित्येक, आणि तेही वेशभूषा-सेटचा खर्च आवाक्यात ठेवून. १९८३ ची ‘जेन आयर’ ११ भागांची होती, दिग्दर्शक ज्युलियन अ‍ॅमीस, रॉचेस्टरच्या भूमिकेत टिमथी डाल्टन. मूळ संवाद फारसे न कापता ती ज्या संथपणे उलगडते, ती मोकळीक निर्मात्याने दिल्याशिवाय मिळत नाही. याच काळात त्यांनी १९८२ मध्ये ‘गलिव्हर इन लिलिपुट’ स्वतः दिग्दर्शित केली, आणि कारण पुन्हा तेच: बुटक्यांमध्ये राक्षसाएवढा माणूस दाखवायचा म्हणजे क्रोमा. त्याआधी, १९८०-८१ च्या हंगामापुरते, त्यांना ‘डॉक्टर हू’चे कार्यकारी निर्माता नेमले गेले, कारण नवे निर्माते जॉन नेथन-टर्नर पहिल्यांदाच ती खुर्ची सांभाळत होते. हंगाम पार पडला, नव्या माणसाचा जम बसला, आणि ते पद काढून टाकले गेले.

आणि मग तो रकाना, ज्याने तुम्ही अडखळलात. टेरन्स डिक्स याही मालिकांवर लेट्स यांचे संहिता-संपादक होते. लेट्स बाजूला झाल्यावर निर्माते झाले डिक्स. १९८६ मधील ‘डेव्हिड कॉपरफिल्ड’चे दहा भाग आणि ‘अ‍ॅलिस इन वंडरलँड’ या दोन्हींचे दिग्दर्शक बॅरी लेट्स आणि निर्माते टेरन्स डिक्स. जो माणूस इतकी वर्षे शेजारी बसून ‘हे जमले नाही’ म्हणत होता, त्याच्याकडेच शेवटी निर्मात्याचा अधिकार आला. नव्वदच्या दशकाच्या आरंभी, पासष्टी ओलांडल्यावर, त्यांनी ‘ईस्टएंडर्स’ या अखंड चालणाऱ्या मालिकेचे भागही दिग्दर्शित केले. दैनंदिन मालिकेच्या वेगाची ज्यांना कल्पना आहे, ते त्या वयात असा वेग पकडणाऱ्याला उतरता म्हणणार नाहीत.

राहिला तुमचा स्वतःचा प्रश्न. तुमचा कल कुठे आहे हे मला ठाऊक नाही, आणि उत्तर त्यावर बरेच अवलंबून आहे. एखादे दृश्य कुठून पाहायचे यात रात्र घालवणे ज्याला आवडते, त्याने फ्लोअरवरून सुरुवात करावी: साहाय्यक दिग्दर्शक, फ्लोअर मॅनेजर, मग एखाद-दुसरा भाग. ज्याला माणसे निवडण्यात, संहिता वाचून तिचे हाडमांस तपासण्यात आणि आकड्यांत रस आहे, त्याने लँबर्ट यांच्या वाटेने थेट निर्मिती विभागात जावे. त्यासाठी दिग्दर्शक होऊन दाखवण्याची गरज नाही. पण कोणत्याही वाटेने गेलात, तरी पहिल्या दोन वर्षांत दुसऱ्या बाजूचे एक काम मागून घ्या. दिग्दर्शनाकडे जाणाऱ्याने एकदा तरी एका शेड्यूलचा खर्च स्वतः मांडावा, आणि निर्मितीकडे जाणाऱ्याने पीसीआरमध्ये ऑनलाइन स्विचरच्या, म्हणजे चित्रण चालू असतानाच एका कॅमेऱ्यावरून दुसऱ्यावर जाण्याच्या यंत्राच्या, मागे उभे राहून पूर्ण शिफ्ट पाहावी. मुलाखतीत ‘मला दोन्ही करायचे आहे’ असे सांगू नका. ऐकणाऱ्याला ते ‘अजून काही ठरलेले नाही’ असे ऐकू येते.

तुमच्या तक्त्यासाठी एक सूचना: पद आणि वर्ष यांच्या शेजारी ‘कोणाला उत्तरदायी’ असा एक रकाना वाढवा. १९७५ च्या ओळीत हिंचक्लिफ, १९८६ च्या ओळीत डिक्स, असे लिहीत गेलात की ती वाकडीतिकडी वाटलेली रेषा आपोआप वाचता येईल. आणि ‘इन्फर्नो’पुढे दिग्दर्शक म्हणून कॅमफिल्ड यांचेच नाव ठेवा, लेट्स यांचे काम खाली टिपेत नोंदवा, पडद्यावरची नामावली तशीच आहे.